डाका घालण्यापूर्वी घ्यायची काळजी

पाचवीच्या रात्री पाटावर कोरा कागद आणि लेखणी ठेवतात. मध्यरात्री सटवाई येते आणि बाळाचं नशीब लिहून जाते. पुढच्या जन्मी तुम्हाला आईच्या कडेवर बसून, व्हिसाबिसा न घेता अमेरिकेत जायचं असेल, तर सटवाईकडून लिहिल्याची पोच घेऊन ठेवा. तारीख, सही, शिक्क्यासकट. पुढे लागते.

ओबामा सरकारने १५ जून २०१२ला जाहीर केलेल्या ‘डिफर्ड अॅक्शन फॉर चाइल्डहूड अरायव्हल्स’ (DACA) या योजनेचं लघुरूप देवनागरीत ‘डाका’ असं होतं. निव्वळ योगायोग. लहानपणी आणलेल्या, कागदपत्रं नसलेल्या मुलांना दोन वर्षं देशाबाहेर काढणार नाही आणि कामाचा परवाना देऊ, एवढंच त्यात आहे. ग्रीन कार्ड नाही, नागरिकत्व नाही. हद्दपारी माफ नाही, नुसती पुढे ढकललेली.

सगळा खेळ तारखांचा, त्यामुळे जन्म नीट बघून घ्या. १६ जून १९८१च्या आधी जन्मलात तर तुम्ही म्हातारे. अमेरिकेत पाऊल ठेवताना सोळा पूर्ण असतील तर तुम्ही थोर. आणि १५ जून २००७पासून सलग तिथेच राहिलेले हवेत, म्हणजे पुढचा जन्म मागे जाऊन घ्यावा लागेल. ते तुमचं तुम्ही जमवा. (आपल्याकडे १५ जूनला शाळा उघडते, त्यामुळे तारीख लक्षात राहायला सोपी.) आईने २० जून २००७ला तुम्हाला घेऊन मेक्सिकोच्या सीमेवरची रिओ ग्रांदे नदी ओलांडली? मग पाच दिवस आधी तिला घाई करायला काय झालं होतं? तेव्हा आपण आठ महिन्यांचे होतो, ही सबब चालत नाही.

पुढची पायरी कागदांची. तुमच्याकडे कागद नाहीत हे एकदा मान्य झालं, की तुमच्याकडे कागद मागतात. शाळेची प्रगतिपुस्तकं, लसीकरणाचं कार्ड, विजेची बिलं, चर्चमधली बाप्तिस्म्याची नोंद, भाड्याच्या पावत्या. वडील भाडं रोख देत आणि मालक पावती देत नसे, कारण वडिलांकडे कागद नव्हते. हे समजावून सांगायला अर्जात जागा शोधा. १५ जून २०१२ या शुक्रवारी तुम्ही अमेरिकेतच होता, याचाही पुरावा लागतो. त्या दिवशी दातांच्या डॉक्टरकडे गेला असाल तर उत्तम. दात दुखत नसला तरी जायला हवं होतं.

शाळेची मात्र चिंता नको. अशा मुलांना सरकारी शाळेची दारं बंद करता येणार नाहीत, असं तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने १९८२मध्येच सांगून ठेवलंय. तेव्हा बारावीपर्यंत खुशाल झेंड्यासमोर छातीवर हात ठेवून निष्ठेची शपथ घ्या. पुढे कॉलेजसाठी केंद्र सरकारची आर्थिक मदत मागायला गेलात, की शपथ एकतर्फी होती हे कळेल.

मग अर्ज भरा. नाव, राहता पत्ता, दहाही बोटांचे ठसे. तो जातो होमलँड सिक्युरिटी खात्याकडे; पहाटे दार ठोठावून उचलून नेणारी माणसंही त्याच खात्याची. बोकडाने स्वतः खाटकाकडे जाऊन आपलं वजन आणि गोठ्याचा पत्ता लेखी द्यावा, वर फीही भरावी, तसा प्रकार. फी २०१२मध्ये ४६५ डॉलर होती, २०२४पासून ऑनलाइन ५५५. दर दोन वर्षांनी. सरकारी काम आणि सहा महिने थांब, असं आपण म्हणतो. इथे मुदत संपण्याच्या चार-पाच महिने आधी अर्ज टाका आणि मग थांबा.

पंधरा वर्षं कधी पूर्ण करायची, हेही ठरवून घ्या, कारण त्याआधी सहसा अर्ज करता येत नाही. सप्टेंबर २०१७मध्ये ट्रम्प सरकारने योजनेचं दार लावलं. जून २०२०मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ५ विरुद्ध ४ मतांनी सांगितलं, की दार लावण्याची रीत चुकली. (दार असणं बरोबर आहे, असं नाही म्हणाले.) डिसेंबरात ते किलकिलं झालं आणि जुलै २०२१मध्ये टेक्सासच्या न्यायाधीशांनी पुन्हा लोटलं. त्यानंतर नवे अर्ज घेतात, पण निकाली काढत नाहीत. पंधरावा वाढदिवस त्यानंतर आला असेल तर केक खाऊन घ्या.

हे सगळं ऐकून एखादा पुणेकर बाप म्हणेल, ‘आम्ही नाही बुवा असले धंदे केले, आम्ही रीतसर एच-१बी या नोकरीच्या व्हिसावर आलो.’ त्यांच्या मुलासाठी खास सल्ला. तू चार वर्षांचा असताना न्यू जर्सीला आलास, १५ जून २०१२ला तुझा व्हिसा चालू होता, म्हणून तू अपात्र! योजनेला त्या दिवशी बेकायदा असलेलाच लागतो. ग्रीन कार्डात एका देशाला सात टक्क्यांची मर्यादा, त्यामुळे बाबांची रांग त्यांच्या निवृत्तीपर्यंत पुरेल आणि एकवीस पूर्ण झाली की त्यांच्या व्हिसावरून तुझं नाव उतरेल. घाबरू नकोस. जिथे लहानाचा मोठा झालास, तिथेच परदेशी विद्यार्थी म्हणून अर्ज कर. त्यासाठी वांद्रे-कुर्ला संकुलातल्या वकिलातीत जावं लागलं आणि ‘शिक्षण संपल्यावर घरी परत जाणार ना?’ असं विचारलं, तर ताबडतोब हो म्हण. घर म्हणजे सदाशिव पेठेतली आजीची खोली, जिथे तू दर तीन वर्षांनी पंधरा दिवस जाऊन पोट बिघडवून घेतोस.