मानशीचं दार: एका फिरत्या मेसेजला उत्तर

गेल्या महिन्यात फोंड्यातल्या पालकांच्या ग्रुपांवर एक मेसेज फिरला. मला तो तिघांनी पाठवला. त्यातल्या दोघांची मुलं दर शनिवारी संध्याकाळी माझ्याच घरी खेळायला येतात, त्यामुळे उत्तर देणं मला भाग आहे. मेसेज ‘डंजन्स अँड ड्रॅगन्स’ आणि त्या जातीच्या, टेबलाभोवती बसून खेळायच्या रोलप्लेइंग खेळांबद्दल आहे. त्याचं म्हणणं थोडक्यात असं: हा फाशांचा खेळ, म्हणजे जुगार. अमेरिकेत यापायी मुलांनी जीव दिले. यात मारामारी आणि लूट सोडून काही नसतं. सोंगं घेणं आपल्या संस्कृतीत बसत नाही. आणि शेवटी, यातून दुसऱ्याचं दुःख कळतं हे सगळं थोतांड. ज्याचं जळतं त्यालाच कळतं, तेव्हा मुलांना टेबलावरून उठवा आणि बाहेर न्या.

ज्यांनी हा खेळ पाहिलेला नाही त्यांच्यासाठी दोन वाक्यं. एक जण गोष्ट चालवतो, त्याला गेम मास्टर म्हणतात. बाकीचे गोष्टीतलं एकेक पात्र घेतात आणि आपलं पात्र काय करतं ते सांगतात. जमेल की फसेल अशी शंका असली की फासा टाकायचा.

फाशांचं आधी उरकतो. जुगारात पैसा लावतात. इथे पैसा नाही, कुणी जिंकत नाही, कुणी हरत नाही. मांडवीत कॅसिनोची जहाजं उभी असताना गोव्यातल्या आईबापांना फाशांची धास्ती वाटावी हे मी समजू शकतो. पण इथला वीस बाजूंचा फासा एवढंच सांगतो की मनात आणलं म्हणजे झालं असं नसतं. पात्राने फुटलेला बांध बुजवायचं ठरवलं, फासा ३ पडला, बांध बुजला नाही. आता काय करशील? घरी, शाळेत हा प्रश्न मुलांना शांतपणे, ओरडा न खाता, क्वचितच कुणी विचारतं.

जीव दिल्याचा मुद्दा मी उडवून लावणार नाही, कारण त्यात खरी मुलं आहेत आणि त्यांचे आईबाप आहेत. १९७९ मध्ये मिशिगन स्टेट विद्यापीठातला १६ वर्षांचा एक विद्यार्थी बेपत्ता झाला. त्याला शोधायला नेमलेल्या खासगी गुप्तहेराने तो या खेळापायी नाहीसा झाला असावा असा तर्क बोलून दाखवला आणि वर्तमानपत्रांनी तो उचलला. मुलगा पुढे सापडला. तो नैराश्यात होता, अपेक्षांच्या ओझ्याखाली दबलेला होता, आणि बेपत्ता होण्याशी खेळाचा संबंध नव्हता. १९८४ मध्ये त्या गुप्तहेराने स्वतःच्या पुस्तकात हे मांडलं, पण तोवर तर्काला पाय फुटले होते. मुलगा आत्महत्येत गमावलेल्या दुसऱ्या एका आईने १९८३ मध्ये खेळाविरुद्ध संघटनाच काढली. तिचं दुःख खरं होतं. दावे मात्र टिकले नाहीत. १९९० मध्ये असे खेळ रचणारे लेखक मायकल स्टॅकपोल यांनी ते एकेक तपासून त्यातली कच्ची माहिती उघडी केली. आज आपल्या फोनवर आलेली भीती ती हीच, चाळीस वर्षांपूर्वीची. खेळावर खापर फोडलं की मुलाला काय सलतंय हे विचारायचं राहून जातं, याची मला काळजी वाटते. मूल गप्प झालं असेल, जेवणाखाण्यातून मन उडालं असेल, तर डॉक्टरांकडे न्या, १४४१६ या सरकारी मदतक्रमांकावर फोन करा. शनिवारचा खेळ बंद केल्याने त्याचं दुखणं बरं होणार नाही.

मारामारी आणि लुटीबद्दल मेसेजवाल्याचं अर्धं खरं आहे. हा खेळ युद्धाच्या खेळांतून जन्मला. १९७४ मध्ये गॅरी गायगॅक्स आणि डेव्ह आर्नेसन यांनी तो छापला तेव्हा पात्राची वाढ मोठ्या प्रमाणात किती सोनं मिळवलं यावर मोजली जायची. अजूनही नियमांची बरीच पानं लढाईची आहेत. पण त्याच्या मुळाशी झालेला एक बदल मला फार मोलाचा वाटतो. १९६९ मध्ये मिनेसोटात डेव्हिड वेस्ली यांनी ‘ब्राउनस्टाइन’ नावाचा डाव मांडला. त्यात खेळाडूंच्या हाती पलटणी देण्याऐवजी एका गावातली एकेक माणसं दिली. पलटण पटावरून हलवताना मेलेल्यांची नुसती संख्या दिसते. एकच माणूस हाती असला की त्याला भूक लागते, भीती वाटते, त्याची कुणीतरी घरी वाट पाहत असतं.

आणि हो, टेबल वाईटही असू शकतं. माझंच झालं होतं. ‘माझं पात्रच तसं आहे’ म्हणत एका मुलाने एका मुलीच्या पात्राची सतत खिल्ली उडवली आणि गेम मास्टर असूनही मी ते चालू दिलं. ती परत आली नाही. ती चूक माझी होती. त्यानंतर गोष्ट सुरू करण्याआधी पहिली बैठक फक्त बोलण्यासाठी ठेवतो: कशावर गोष्ट न्यायची नाही, कशाने कुणाला त्रास होतो. टेबलाच्या मधोमध एक्स-कार्डही असतं, फुलीचं एक साधं कार्ड. जॉन स्टॅव्ह्रोपोलस यांनी २०१३ मध्ये ते सुचवलं. कुणीही त्याला बोट लावलं की तो प्रसंग तिथेच वगळायचा, कारण विचारायचं नाही. पालकांनी मला खेळ कुठला असं विचारण्यापेक्षा ‘तुमच्या टेबलावर हे कार्ड आहे का’ असं विचारावं.

सोंगांचं म्हणाल तर हे गोव्यात बसून कसं लिहवलं, याचं मला दुःख झालं. पेडण्याकडच्या जत्रांत रात्रभर दशावतार चालतो. त्याला लिहिलेली संहिता नसते. आख्यान ठरतं, कुणी काय व्हायचं ते ठरतं, आणि संवाद नट रंगभूमीवर उभ्याउभ्या रचतात. समोरच्या राजाने काय विचारलं ते कान देऊन ऐकलं नाही तर उत्तर सुचायचं नाही. आमच्या टेबलावर याहून वेगळं काय घडतं? मंगेशीत जन्मलेले मास्टर दीनानाथ स्त्रीभूमिका गाजवून गेले. आपल्या आजोबा-पणजोबांनी तासन्‌तास दुसऱ्याच्या कातडीत शिरणाऱ्या माणसांना डोक्यावर घेतलं, आणि आपण सोंगाला परकं म्हणायचं?

आता शेवटचा मुद्दा. ज्याचं जळतं त्यालाच कळतं. म्हण खरी आहे, मी ती खोडणार नाही. पण तिच्यावरच थांबलो तर शेजाऱ्याच्या घराला आग लागल्यावर आपण नुसतं बघत उभं राहायचं का? व्हिएन्नात १९२० च्या सुमारास जेकब मोरेनो या डॉक्टरने उत्स्फूर्त नाट्याचे प्रयोग सुरू केले आणि पुढे त्यातून उपचारपद्धती उभी केली. तिच्यातला एक गाभ्याचा भाग म्हणजे भूमिकांची अदलाबदल: ज्याच्याशी भांडण आहे त्याच्या खुर्चीत जाऊन बसायचं आणि त्याच्या तोंडून बोलायचं. खेळ म्हणजे उपचार नव्हे आणि मी डॉक्टरही नाही. पण ती खुर्ची मी माझ्या घरी पाहिली आहे.

गेल्या पावसाळ्यातली गोष्ट. आमच्या डावात राक्षस नव्हते, तलवारी नव्हत्या. मी एक गाव रचलं होतं: खाजन शेती, बांध आणि बांधातली मानस. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी, खाजन म्हणजे बांध घालून खाऱ्या पाण्यापासून राखलेली सखल जमीन आणि मानस म्हणजे पाण्याचं लाकडी दार. ओहोटीला ते आपोआप उघडून शेतातलं पाणी नदीत सोडतं, भरतीला पाण्याच्या दाबाने मिटतं आणि खारं पाणी अडवतं. मानशीवर मासे धरायचा हक्क पावणीत, म्हणजे लिलावात, घेतात. घेणाऱ्याने भरतीला दार अडकवून उघडं ठेवलं तर पाण्याबरोबर मासे, सुंगटं (कोळंबी) आत येतात, जाळं भरतं आणि भात मरतं.

बारावीतल्या एका मुलाला मी मानस घेतलेल्या माणसाचं पात्र दिलं. त्याच्या घरची शेती खाजनातली, दोन वर्षं खाऱ्या पाण्याने गेलेली. मानसवाल्याला लाखोली वाहिलेली ऐकतच तो वाढलेला. हे मला माहीत होतं. म्हणून आधी त्याला एकट्याला विचारलं, चालेल का? थोडा वेळ थांबून म्हणाला, “बघतो, काका.”

रात्र, भरती, मानशीवर कंदील. पावणीसाठी कर्ज काढलेलं, सावकाराचा माणूस सकाळी येणार. बाकीची चार पात्रं शेतकऱ्यांची, घरी झोपलेली. मी विचारलं, “काय करतोस?” तो पेन्सिलने कागदाचा कोपरा काळा करत बसला. मग विचारलं, “याच्या घरी माणसं किती?” मी म्हटलं, तूच सांग. “पाच,” तो म्हणाला. “धाकट्या मुलीची शाळा आहे. म्हणजे वह्या लागणार.” आणि मग अगदी हळू, “मी दार उघडतो.”

कुणी बोललं नाही. ज्यांची शेतं बुडणार होती त्यातल्या एकीने थोड्या वेळाने विचारलं, “मला आधी सांगायचं नाही का? आम्ही मिळून काहीतरी केलं असतं.” तो म्हणाला, “तू माझ्याशी बोलतेस कुठे?” ती तिच्या पात्राला बोलली होती की त्याला, आणि तो कुणाला बोलला, मला आजही सांगता येणार नाही.

तो मुलगा बदलून गेला असं मी म्हणणार नाही. मानस उघडी ठेवणं चूकच, असं तो आजही म्हणतो, आणि ते बरोबरच आहे. पण मेसेजमध्ये म्हटलंय तसा पुढच्या रविवारी तो बाहेर गेला, आपणहून, आजोबांना घेऊन, बांधावर. शनिवारी येऊन सांगत होता. मानसवाला भेटला नाही. खांबावर त्याचं जाळं वाळत घातलेलं होतं. “तीन ठिकाणी शिवलेलं होतं, काका,” तो म्हणाला. “तिन्हीकडे दोरा वेगळा.”