‘शंभर रुपये पाण्यात गेले’ या अभिप्रायाला आमचं उत्तर

नमस्कार सर,

आमच्या तारांगणात रविवारी संध्याकाळच्या खेळाला तुम्ही मुलीला घेऊन आला होतात. एक स्टार देऊन तुम्ही लिहिलंत की पहिली सात-आठ मिनिटं नुसता काळोख होता, पुढे नसलेल्या चंद्रावरचा चमकणारा समुद्र दाखवला, जगात कुठेच समुद्र असा रात्रभर उजळत नाही, पोरांच्या डोक्यात खोटं विज्ञान भरण्यापेक्षा चांद्रयान दाखवा. सोलापुरातले पालक तिकीट काढण्याआधी हे वाचतात, म्हणून सविस्तर लिहिते.

काळोख आम्ही ठरवून ठेवतो. उजेडातून आलेल्या डोळ्यांना अंधार पूर्ण सरावायला वीस-तीस मिनिटं लागतात. तेवढा वेळ कोणाकडेच नसतो, पण सात-आठ मिनिटंही गेली नाहीत तर मागच्या रांगेतल्या मुलाला त्या समुद्राच्या मंद निळ्या रेघा दिसणारच नाहीत. मोबाइल खिशात ठेवायला सांगतो तेही त्याचसाठी.

‘खोटं’ हा शब्द मात्र मला लागला. डोमचं दार बंद होताच मी पहिलं वाक्य हेच सांगते की हा चंद्र कोणी पाहिलेला नाही, तो आम्ही कल्पनेने रचलाय. बीजगणितात आपण ‘समजा क्ष’ म्हणतो, पण पुढच्या पायऱ्या मनाला येईल तशा लिहीत नाही. आमच्या चंद्राचं तसंच आहे. एका महाकाय पट्टेदार ग्रहाभोवती तो सात दिवसांत, किंचित लंबगोल वाटेने फिरतो एवढं आम्ही धरलं. मग तिथल्या समुद्राला भरती कधी येणार हे गुरुत्वाकर्षण ठरवतं, आम्ही नाही. हा चंद्र ग्रहाकडे कायम एकच बाजू ठेवतो, त्यामुळे तिथला एक दिवसही सात दिवसांचा होतो आणि ग्रहाच्या ओढीने पाण्याला आलेला फुगवटा जागचा फारसा हलत नाही. चंद्र ग्रहाजवळ गेला की फुगवटा वाढतो, लांब गेला की ओसरतो. दर सात दिवसांनी उथळ किनाऱ्यात पाणी घुसतं ते यामुळे.

वाट लंबगोल का राहते, हळूहळू गोल का होत नाही, असं एखादा शिक्षक हमखास विचारतो. उत्तर गुरूच्या चंद्रांकडे आहे. आयो साडेबेचाळीस तासांत एक फेरी मारतो, युरोपाला त्याच्या दुप्पट वेळ लागतो आणि गॅनिमीडला चौपट. ठरलेल्या तालात ते एकमेकांना ओढत राहतात, म्हणून आयोची वाट गोल होऊ शकत नाही. तो कणकेसारखा सतत मळला जातो आणि आतून तापतो. 1979 मध्ये व्हॉयेजर 1 या यानाच्या छायाचित्रांत तिथले ज्वालामुखी उसळताना दिसले. आम्ही आमच्या चंद्राला असाच एक शेजारी दिलाय.

आता चमक. समुद्र रात्रभर उजळतो, सर, आणि तो आपल्याच अरबी समुद्राच्या पलीकडच्या अंगाला उजळल्याची नोंद आहे. जानेवारी 1995 मध्ये सोमालियाच्या किनाऱ्याजवळून जाणाऱ्या ‘लिमा’ या ब्रिटिश मालवाहू जहाजाने दुधाळ चमकणाऱ्या पाण्याची नोंद केली. दहा वर्षांनी शास्त्रज्ञांनी उपग्रहाच्या जुन्या प्रतिमा काढून पाहिल्या, तर त्याच जागी सुमारे 15,400 चौरस किलोमीटरचा उजळ पट्टा सापडला, तोही लागोपाठ तीन रात्री. 2019 मध्ये जावा बेटाच्या दक्षिणेला असाच एक पट्टा एक लाख चौरस किलोमीटरच्याही पुढे गेला होता.

खेळात चमक दोन प्रकारची आहे, आणि हा फरक मुलांना कळावा म्हणून माझा जीव तुटतो. लाट फुटली की क्षणभर निळा झगमगाट होतो, ते काम डायनोफ्लॅजेलेट नावाच्या एकपेशीय सूक्ष्मजीवांचं. आपल्या कोकण किनाऱ्यावर दिसणारा नॉक्टिल्युका त्यांच्यातलाच. पाणी ढवळलं की पेशीत ल्युसिफेरिन नावाच्या रसायनाची प्रक्रिया होते आणि सेकंदाच्या दहाव्या भागाएवढी ठिणगी पडते. दुधाळ, न थांबणारा उजेड मात्र जिवाणूंचा. 1985 मध्ये एका संशोधन जहाजाने अरबी समुद्रातल्या अशा पाण्याचे नमुने घेतले, त्यात व्हिब्रिओ हार्वेयी हा चमकणारा जिवाणू मिळाला. असे जिवाणू विरळ असले तर अंधारातच राहतात. त्यांनीच सोडलेलं रसायन पाण्यात पुरेसं साठलं, म्हणजे दाटी झाली, की सगळे एकदम उजळतात. आमच्या चंद्रावर आधी भरतीची ठिणगी येते, मग तळचा गाळ वर येऊन जीव माजतात, आणि त्यानंतर दुधाळ रात्र. हा क्रम आम्ही जुळवला, पण त्यातली एकेक कडी पृथ्वीवरची आहे. खेळाच्या शेवटी कल्पित काय आणि सिद्ध झालेलं काय, हे मी पुन्हा वेगवेगळं सांगते. शहराच्या पूर्व भागात तेलुगूत आणि कन्नडमध्ये खेळ होतात तेव्हाही हा भाग गाळत नाही.

चांद्रयानाचा खेळ आमच्याकडे आहे, दर शनिवारी सकाळी. 23 ऑगस्ट 2023 ला विक्रम उतरला तो क्षण त्यात आहे. जरूर या. पण त्यासाठी समुद्राचा खेळ बंद करणार नाही. सोलापूरच्या पोरांना समुद्र बघायचा तर गाडीत सात-आठ तास बसावं लागतं, आणि पुष्कळ पोरांना तेही जमत नाही.

बाहेर पडताना तुमच्या मुलीने मला विचारलं होतं, “तिथला दिवसच सात दिवसांचा, तर ते जीव झोपतात कधी?” पुढची बॅच दारात उभी होती, म्हणून तेव्हा थोडक्यात सांगितलं. पूर्ण उत्तर तिला वाचून दाखवा. 1950 च्या दशकात गोनिऑलॅक्स नावाच्या डायनोफ्लॅजेलेटवर प्रयोग झाले. त्याला सारखं अंधारात ठेवलं, तरी त्याची चमक रोज रात्रीच्याच वेळेला वाढायची. त्याच्या आत स्वतःचं घड्याळ असतं, जवळपास चोवीस तासांचं. आमच्या चंद्रावरच्या जीवांचं घड्याळ साडेतीन दिवस उजेड आणि साडेतीन दिवस अंधार असं लागलेलं असेल. आणि ग्रह सूर्याभोवती फिरतो म्हणून एकाच किनाऱ्यावर मोठी भरती काही काळ रात्री येईल, पुढे सरकत सरकत भर दिवसा. दिवसाच्या भरतीत ते जीव चमकणार नाहीत. म्हणजे तिथल्या समुद्रालाही चमकण्याचा हंगाम असेल.

हा मुद्दा पुढच्या रविवारपासून खेळात घेतेय. तिकीट न काढता तिला घेऊन या.