टीना पिका रस्त्यावर सापडली नव्हती

जुन्या इटालियन चित्रपटांच्या चाहत्यांमध्ये टीना पिका या नटीबद्दल एक मजकूर हौसेने फिरवला जातो. म्हणे, नेपल्सच्या या म्हातारीला अभिनयाचा गंधही नव्हता; सत्तरीच्या तोंडावर दिग्दर्शक व्हित्तोरिओ दे सिकाने तिला हेरलं, मोलकरणीचं काम दिलं, आणि पुढे ती तेवढंच करत राहिली.

गंध नव्हता? तिचा जन्म १८८४चा, वडील ज्युसेप्पे पिका नेपल्सच्या रंगभूमीवरचे विनोदी नट. पोर विंगेतच वाढली. पुढे ती नाटककार-नट एदुआर्दो दे फिलिप्पो यांच्याबरोबर काम करू लागली. त्यांच्या 'फिलुमेना मार्तुरानो' या १९४६च्या नाटकात नायिकेची विश्वासू सोबतीण रोझालिया तिने उभी केली, १९५१च्या चित्रपटातही. कॅमेऱ्याची ओळख त्याहून जुनी: विनोदी नट तोतोचा पहिला चित्रपट १९३७चा, त्यातही ती आहे.

आता हेरण्याचं. कारामेला ही फटकळ मोलकरीण आली १९५३च्या 'पाने, आमोरे ए फान्तासिया'मध्ये. त्याचे दिग्दर्शक लुइजी कोमेन्चिनी. दे सिका त्यात नट होता, कारामेला ज्याचं घर सांभाळते तो पोलीस ठाण्याचा रंगेल प्रमुख. घोळ कुठून झाला असेल याचा अंदाज येतो. दे सिकाने 'बायसिकल थीव्ह्ज'साठी नायक म्हणून कारखान्यातला कामगार घेतला, 'उंबेर्तो डी.'साठी भाषाशास्त्राचा प्राध्यापक. त्यामुळे त्या काळातला प्रत्येक सुरकुतलेला चेहरा लोकांना रस्त्यावरून उचललेला वाटतो. पण कारामेलाचा तो घोगरा आवाज, चेहऱ्यावरची रेषही न हलवता टाकलेलं वाक्य, हे आयुष्यभर प्रेक्षक हाताळलेल्या बाईचं काम आहे. या चित्रपटाच्या दुसऱ्या भागासाठी तिला सहाय्यक अभिनेत्रीचा 'नास्त्रो द'अर्जेन्तो' हा इटालियन चित्रपट-पुरस्कार मिळाला, १९५५ साली. तिसऱ्या भागात नायिका बदलली, जीना लोलोब्रिजिदाच्या जागी सोफिया लोरेन आली, दिग्दर्शक बदलला. कारामेला तीच राहिली.

पडद्यावरचं नाव एकोणसत्तराव्या वर्षी झालं, एवढं त्या मजकुरातलं मान्य.

'तेवढंच करत राहिली' हे मात्र अजिबात नाही. १९५७चा दिनो रिसीचा 'ला नोन्ना साबेल्ला' तिच्याच भूमिकेभोवती फिरतो. आजी मरणाला टेकली म्हणून नातू धावत गावी येतो, तर आजी ठणठणीत आणि त्याचं लग्न ठरवायला बसलेली! त्या वर्षी सान सेबास्तियान महोत्सवाचं सर्वोच्च पारितोषिक या चित्रपटाला गेलं. १९५९च्या एका चित्रपटाचं तर नावच 'ला पिका सुल पाचिफिको'. आडनाव थेट शीर्षकात. मोलकरणीच्या साच्यात अडकलेल्या नटीला हा मान कोण देतो?

आणि १९६३चा 'येरी, ओज्जी, दोमानी' बघाच. हा मात्र खरोखर दे सिकाचा. शेजारच्या गच्चीवरच्या सोफिया लोरेनवर म्हातारी तोंडसुख घेते. मग नातू त्या शेजारणीपायी धर्मगुरू व्हायचं सोडायला निघतो, तेव्हा त्याला वळवण्यासाठी म्हातारी त्याच शेजारणीच्या दारात रडत जाते. वय ७९.