कोरियाने म्हणे कुणापुढे हात पसरला नाही

गेले दोन आठवडे एकच मेसेज सगळीकडे फिरतोय, काल मावसभावानेही पाठवला. थोडक्यात असा: १९५३ ला युद्ध संपलं तेव्हा दक्षिण कोरिया पार धुळीला मिळाला होता, पण त्यांनी कुणापुढे हात पसरला नाही, बायकांनी अंगावरचं सोनं देशाला दिलं, लोक नुसते राबले आणि देश उभा राहिला, आफ्रिका मदत घेत बसली म्हणून गरीब राहिली, मदतीने माणूस आळशी होतो, ती बंदच करा.

कोरियन लोक राबले हे शंभर टक्के खरं, त्यावर वाद नाही. बाकीचं मात्र एकेक करून बघू.

हात पसरला नाही म्हणे. अहो, १९५३ ते ६२ या काळात कोरियाने बाहेरून जेवढा माल आणला त्यातल्या साधारण ७० टक्क्यांचे पैसे परदेशी मदतीतून आले होते! गहू, कापूस, खत, सगळं. सिमेंट आणि काचेचे कारखाने संयुक्त राष्ट्रांच्या पैशातून उभे राहिले, सोलच्या विद्यापीठातले प्राध्यापक अमेरिकेत मिनेसोटाला शिकायला गेले. अमेरिकेच्या मदतीतून आलेल्या पिठाच्या पोत्यावर दोन हातांचा शेकहँड छापलेला असायचा आणि पोतं रिकामं झालं की आया त्याच्याच कापडाचे पोरांना कपडे शिवायच्या. युद्ध चालू असताना तर आपण, म्हणजे तेव्हाचा उपाशी भारत, आपणसुद्धा ६० पॅराशूट फील्ड अँब्युलन्स नावाची डॉक्टरांची तुकडी तिकडे पाठवली होती. यात कोरियाचा कमीपणा कुठे येतो तेच मला कळत नाही, घर जळाल्यावर शेजाऱ्याकडून तांदूळ घेतला म्हणून कुणी भिकारी होत नाही.

सोन्याची गोष्ट खरी आहे पण ती १९९८ ची! आशियात आर्थिक संकट आलं तेव्हा लाखो लोक रांगा लावून अंगठ्या, मुलांच्या पहिल्या वाढदिवसाचं सोनं देऊन आले, सव्वादोनशे टनांच्या आसपास जमलं, वाचताना आजही अंगावर काटा येतो. पण तेव्हा युद्ध संपून ४५ वर्षं झाली होती, आणि त्याच वेळी देश वाचवायला आयएमएफचं, म्हणजे आंतरराष्ट्रीय नाणेनिधीचं, भलंमोठं कर्जही घेतलं होतंच की. म्हणजे मेसेजमधला सगळ्यात भावुक पुरावाच मेसेजच्या विरुद्ध जातो.

आता 'नुसते राबले' हा मुद्दा, आणि माझ्या मते खरी गोम इथेच आहे. राबणारी माणसं जगात सगळीकडे आहेत, आपल्याकडे ऊसतोड कामगार काय कमी राबतो का? कोरियात फरक पडला तो जमिनीने. युद्धाच्या आसपासच जमीन सुधारणा झाली, तीन हेक्टरची मर्यादा, त्यावरची जमीन सरकारने घेऊन कुळांना दिली आणि कुळाने वर्षाच्या पिकाच्या दीडपट किंमत पाच वर्षांत हप्त्याने फेडायची. जमीनदारी मोडली, शेतकऱ्याच्या हातात धान्य उरलं आणि पोरं शाळेत गेली. मदतीचा गहू या पायावर पडला म्हणून लागू पडला. आणि तरीही पहिली काही वर्षं बराच पैसा वाया गेला हे पण सांगायला हवं, पहिले राष्ट्राध्यक्ष सिंगमन री यांच्या काळात पीठ, साखर, कापूस या तीन पांढऱ्या धंद्यांचे परवाने ओळखीपाळखीवर वाटले जायचे, आणि फुकटच्या गव्हामुळे देशी धान्याचा भाव पडून शेतकरी रडला. पुढे मदत आटायला लागली, १९६४ ला सरकारने वॉनची, म्हणजे कोरियन चलनाची, किंमत डॉलरच्या तुलनेत जवळपास निम्मी केली, निर्यातीवर जोर दिला, त्या वर्षी १० कोटी डॉलरची निर्यात होती, प्लायवूड, विग असला माल. १९७७ ला तीच १,००० कोटींवर गेली. मधे १९६५ च्या करारात जपानकडून ३० कोटी डॉलर अनुदान आणि २० कोटी स्वस्त कर्ज मिळालं, त्यातला बराच भाग पोहांगच्या पोलाद कारखान्यात गेला. म्हणजे बाहेरचा पैसा पण होता आणि तो कुठे लावायचा हे ठरवणारं सरकारही होतं, दोन्ही लागतं.

आफ्रिकेचं म्हणाल तर १९४६ ते ७८ मध्ये अमेरिकेची आर्थिक मदत एकट्या कोरियाला जवळपास ६ अब्ज डॉलर आणि अख्ख्या आफ्रिकेला मिळून ७ च्या आत. आणि लोकसंख्या? आफ्रिकेची दहापट तरी होती. मग जास्त मदत घेऊन गरीब राहिलं कोण?

राहता राहिला आळस. १९६६-६७ च्या दुष्काळात आमच्या आजीने रेशनवरचा अमेरिकन मिलो, म्हणजे मदतीत आलेली लाल ज्वारी, खाल्ला, लाल भाकरी, थापताना कडेला फाटायची, चव नाही काही नाही, पोरं रडायची. ती खाऊन आजी सकाळी खडी फोडायला जायची. ती भाकरी नसती तर खडी फोडायला अंगात जीव तरी राहिला असता का? आळशी म्हणणाऱ्याने एकदा तिचे हात बघायला हवे होते.

आणि मदत बंद करा म्हणणाऱ्यांनी हेही बघावं की २०१० पासून कोरिया स्वतःच मदत देणाऱ्या श्रीमंत देशांच्या समितीत आहे, आणि आम्ही कधीकाळी घेतली होती हे तिथलं सरकार उघडपणे सांगतं.