वॉलेसचं पत्र आणि डार्विनवरचा चोरीचा आळ

‘नैसर्गिक निवडीचा सिद्धांत खरा वॉलेसचा. डार्विनकडे काहीच नव्हतं. वॉलेसचं पत्र आलं, ते त्यानं दाबून ठेवलं, त्यातला मजकूर उचलला आणि घाईनं पुस्तक काढून श्रेय लाटलं.’ हा मजकूर मोठ्या खात्रीनं पुढं पाठवला जातो. डार्विनचा समकालीन इंग्रज निसर्गअभ्यासक आल्फ्रेड रसेल वॉलेस याच्याबद्दल मला अतोनात आदर आहे, म्हणूनच हे वाचून वाईट वाटतं. त्याला मोठं ठरवायला कुणाला चोर ठरवण्याची गरज नाही.

‘डार्विनकडे काहीच नव्हतं.’ होतं, आणि भरपूर होतं. या विषयावरची पहिली वही त्यानं १८३७ मध्ये उघडली. १८३८ मध्ये माल्थसचं लोकसंख्यावाढीवरचं पुस्तक वाचताना निवडीची कल्पना त्याला सुचली: परिस्थितीला जुळणारे जीव टिकतात आणि त्यांचेच गुण पुढच्या पिढ्यांत उतरतात. १८४२ मध्ये त्यानं पेन्सिलीनं ३५ पानांचं टिपण केलं, १८४४ मध्ये ते वाढवून दोनशेहून अधिक पानांचा निबंध लिहिला. ५ जुलै १८४४ ला पत्नी एमासाठी चिठ्ठी लिहून ठेवली: मी अचानक गेलो तर ४०० पौंड बाजूला काढून हे छापून घे. वनस्पतिशास्त्रज्ञ हूकरनं तो निबंध १८४७ मध्ये वाचला होता. आणि १८४२ चं ते टिपण? एमाच्या मृत्यूनंतर, १८९६ मध्ये, घरातल्या जिन्याखालच्या कपाटात मिळालं. जगाला दाखवण्यासाठी रचलेला पुरावा असा जिन्याखाली पडून राहत नाही.

मग इतकी वर्षं छापलं का नाही, हा प्रश्न रास्त आहे. त्यातली आठ वर्षं, १८४६ ते १८५४, खडकांना चिकटून राहणाऱ्या बार्नॅकल प्राण्यांच्या अभ्यासात गेली. शिवाय प्रत्येक आक्षेपाला उत्तर हाताशी असल्याशिवाय त्याला तोंड उघडायचं नव्हतं.

‘वॉलेसला अंधारात ठेवलं.’ उलट झालं. वॉलेसचा १८५५ चा निबंध वाच, असं डार्विनला कळवणाऱ्यांत एडवर्ड ब्लाइथ होता, कलकत्त्याच्या एशियाटिक सोसायटीच्या संग्रहालयाचा क्युरेटर. त्यानंतर १ मे १८५७ ला डार्विननं स्वतः वॉलेसला लिहिलं की आपण दोघं सारखाच विचार करतो आहोत आणि या प्रश्नावरची पहिली वही उघडून येत्या उन्हाळ्यात २० वर्षं होतील. ज्याला लुबाडायचं त्याला कुणी असं आधी सांगून ठेवत नाही.

‘पत्र दाबून ठेवलं.’ आळ घेणाऱ्यांचा सगळा भर यावर आहे, म्हणून जरा थांबून पाहू. फेब्रुवारी १८५८ मध्ये, आजच्या इंडोनेशियातल्या मोलुक्का बेटांवर हिवतापानं फणफणलेल्या वॉलेसला तीच कल्पना सुचली आणि त्यानं निबंध डार्विनला पाठवला. तो १८ जूनला मिळाला, असं डार्विन सांगतो. आक्षेप असा, की वॉलेसनं त्याच सुमारास पाठवलेलं दुसरं एक पत्र ३ जूनलाच इंग्लंडात पोचलं होतं, मग हे का नाही? पण दोन्ही पत्रं एकाच बोटीनं निघाली याचा पुरावा नाही. नंतरच्या बोटीनं निघालेलं टपाल जूनच्या मध्यातच पोचतं. मूळ पत्र आज उपलब्ध नाही, हे खरं.

बरं, दोन आठवडे डार्विनच्या हातात होते असं वादापुरतं धरू. त्यात त्यानं काय चोरलं? आरोप असा की एका मूळ जातीतून अनेक वेगळ्या जाती का फुटतात, याचं स्पष्टीकरण. पण ते ५ सप्टेंबर १८५७ च्या, अमेरिकेतला वनस्पतिशास्त्रज्ञ एसा ग्रे याला लिहिलेल्या पत्रात आधीच आहे. वॉलेसला ताप येण्यापूर्वीच ते समुद्रापार गेलेलं होतं! ग्रेच्या कागदपत्रांत ते अजून आहे. पोचलेल्या पत्रात मागाहून भर घालता येत नाही.

‘सभेत वॉलेसला डावललं.’ यात तथ्य आहे. १ जुलै १८५८ ला लंडनच्या लिनियन सोसायटी या निसर्गअभ्यासकांच्या संस्थेत आधी डार्विनच्या निबंधातले उतारे, मग ग्रेच्या पत्रातला भाग आणि शेवटी वॉलेसचा निबंध वाचला गेला. वॉलेसची परवानगी कुणी घेतली नव्हती, आणि ते चुकलंच. मात्र हा घाट डार्विनचे मित्र, भूशास्त्रज्ञ लायल आणि हूकर, यांनी घातला. डार्विन तिथं नव्हता. त्याचं तान्हं मूल तीन दिवसांपूर्वी स्कार्लेट फीव्हरनं गेलं होतं. ही बातमी कळल्यावर वॉलेसनं आईला पत्र लिहिलं, त्यात तक्रार नाही, आनंद आहे.

‘वॉलेसला कायमचं दडपलं.’ १८६९ चं आपलं प्रवासवर्णन वॉलेसनं डार्विनला अर्पण केलं. १८८९ च्या पुस्तकाला ‘डार्विनिझम’ हे नाव त्यानंच दिलं. वॉलेसची ओढाताण होत होती, तेव्हा १८८१ मध्ये त्याला वर्षाला २०० पौंडांचं सरकारी निवृत्तिवेतन मिळावं म्हणून डार्विननंच खटपट केली. पुढच्याच वर्षी वेस्टमिन्स्टर ॲबेमध्ये डार्विनच्या शवपेटीला खांदा देणाऱ्यांत वॉलेस होता.

१ जुलै १९०८ ला, त्या सभेला ५० वर्षं झाली तेव्हा, लिनियन सोसायटीनं ८५ वर्षांच्या वॉलेसला सुवर्णपदक दिलं. नव्वदी ओलांडलेला हूकरही हजर होता. वॉलेस उभा राहिला आणि म्हणाला, श्रेयाची वाटणी आम्ही दोघांनी या कामाला दिलेल्या वेळेच्या हिशेबानं व्हावी: डार्विनची २० वर्षं आणि माझा एक आठवडा.