ओडेटा यांची ओळख डिलनपासून सुरू करू नका

अमेरिकी लोकगायिका ओडेटा यांच्याविषयी काहीही वाचायला घेतले, की पहिल्या दोन-तीन वाक्यांतच प्रसिद्ध अमेरिकी गायक-गीतकार बॉब डिलन यांचे नाव येते. लोकसंगीताकडे आपण वळलो ते ओडेटांची ध्वनिमुद्रिका ऐकून, आणि ती ऐकल्यावर आपण विजेवरची गिटार देऊन साधी गिटार घेतली, असे डिलन यांनी १९७८ साली एका मुलाखतीत सांगितले होते. ही आठवण कृतज्ञतेने सांगितलेली आहे आणि तिच्याबद्दल माझी काहीच तक्रार नाही. तक्रार आहे ती तिच्या वापराबद्दल. जिने स्वतः एवढे मोठे काम उभे केले, ती बाई अशा लेखनात दुसऱ्या कोणाच्या तरी चरित्रातली एक पायरी होऊन राहते, आणि कृष्णवर्णीयांच्या समान हक्कांसाठी झालेल्या नागरी हक्कांच्या चळवळीशी तिचे असलेले नाते ‘मोर्चांमध्येही गायल्या’ एवढ्या एका ओळीत आटोपते. माझे म्हणणे असे आहे की ओडेटांनी एकीकडे गाणे आणि दुसरीकडे चळवळ असे काही केलेच नाही. त्यांनी कोणती गाणी निवडली आणि ती कोणत्या आवाजात गायली, हेच त्यांचे राजकारण होते.

त्यासाठी त्यांचे जन्मगाव लक्षात घ्यावे लागते. ३१ डिसेंबर १९३० रोजी अलाबामा राज्यातल्या बर्मिंगहॅम या पोलाद आणि कोळशाच्या शहरात त्यांचा जन्म झाला. गुलामगिरी १८६५ साली तेराव्या घटनादुरुस्तीने संपली खरी, पण गुन्ह्याची शिक्षा म्हणून सक्तीची मजुरी करून घेण्याची मुभा त्याच दुरुस्तीत शिल्लक राहिली होती. दक्षिणेतल्या राज्यांनी त्या फटीचा पुरेपूर उपयोग केला. रिकामटेकडेपणासारख्या क्षुल्लक आरोपांखाली कृष्णवर्णीय पुरुषांना पकडायचे आणि खाणमालकांना, कारखानदारांना भाड्याने द्यायचे, ही पद्धत अलाबामात सर्वांत शेवटी, म्हणजे १९२८ साली बंद झाली. त्यानंतरही साखळदंडांनी जखडलेल्या कैद्यांच्या टोळ्या रस्त्यांवर खडी फोडतच होत्या. ओडेटा जन्मल्या त्या या प्रदेशात आणि या काळात. वडील लवकर गेले. १९३७ साली आई आणि लहानगी ओडेटा आगगाडीने लॉस एंजेलिसला निघाल्या, तेव्हा वाटेत कृष्णवर्णीय प्रवाशांना डबा सोडून दुसऱ्या डब्यात जायला सांगण्यात आले. आपल्या मनावरची ती पहिली मोठी जखम होती, असे त्या पुढे सांगत.

तेराव्या वर्षापासून त्यांनी ऑपेराचे शिक्षण घेतले. मॅरियन अँडरसन या नामवंत कृष्णवर्णीय गायिकेसारखी आपली मुलगी व्हावी, असे आईचे स्वप्न होते. त्या काळी हे स्वप्न किती अवघड होते, ते अँडरसन यांच्याच आयुष्यावरून कळते. १९३९ साली वॉशिंग्टनमधल्या एका सभागृहाने वर्णामुळे नाकारल्यावर त्यांना लिंकन स्मारकाच्या पायऱ्यांवर उघड्यावर गावे लागले, आणि न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन ऑपेराचे दार त्यांच्यासाठी उघडायला १९५५ साल उजाडावे लागले, तेव्हा त्या पन्नाशी ओलांडून पुढे गेलेल्या होत्या. आपल्यासारख्या थोराड बांध्याच्या कृष्णवर्णीय मुलीला तिथे कोणी उभे करणार नाही, हे ओडेटांना लवकरच उमगले. घरकामाची नोकरी करून त्यांनी संगीताचे शिक्षण चालू ठेवले. १९४९ साली एका संगीत नाटकाच्या संचाबरोबर दौऱ्यावर असताना सॅन फ्रान्सिस्कोत लोकगीते गाणारी मंडळी त्यांना भेटली आणि त्यांची वाट बदलली.

इथपासून पुढचा भाग मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो. त्या काळी लोकगीते गाणारे बरेचसे शहरी गायक ती गोड आणि घरगुती वळणाने गात. ओडेटांनी मात्र कैद्यांची श्रमगीते हाती घेतली. आपल्याकडच्या ओवीची लय जशी जात्याच्या फेऱ्याने ठरते, तशी या गीतांची लय घणाच्या घावाने ठरते. फरक एवढाच की इथे घाव चुकला किंवा हात थांबला तर पाठीवर पहारेकऱ्याचा चाबूक बसू शकत होता. ‘वॉटर बॉय’ हे पाणी वाटणाऱ्या पोऱ्याला हाक मारणारे गाणे त्या गात, तेव्हा ओळ संपली की घण आदळताना मजुराच्या छातीतून जसा श्वास फुटतो, तसा त्या मोठ्याने सोडत आणि त्याच क्षणी गिटारच्या तारांवर आघात करत. ऑपेराच्या तालमीने कमावलेला दमसास आणि खालच्या पट्टीतला भरीव आवाज त्यांनी त्या श्वासासाठी वापरला. मैफलीच्या सभागृहात चांगले कपडे घालून आलेल्या, बहुतांश श्वेतवर्णीय श्रोत्यांना हा श्वास ऐकावाच लागे. आपले रस्ते, आपले पोलाद आणि आपला कोळसा कोणाच्या अंगमेहनतीतून आला, हे सांगायला त्यासाठी वेगळ्या भाषणाची गरज उरत नसे.

या गाण्यांतून आपल्या मनातला द्वेष आणि संताप बाहेर काढता आला, असे ओडेटांनी मोकळेपणाने सांगितले आहे. त्या संतापाला मी त्यांच्या कलेचा कणा मानतो. नागरी हक्कांच्या चळवळीचे आज जे सौम्य, हात हातात घेतलेले चित्र आपल्यासमोर ठेवले जाते, त्यात हा संताप कुठेच दिसत नाही. पण तो नसता तर त्या माणसांना पोलिसांच्या कुत्र्यांसमोर उभे राहता आले असते, असे मला वाटत नाही. १९५०च्या दशकाच्या सुरुवातीलाच त्यांनी केस सरळ करणे सोडून दिले आणि ते नैसर्गिक कुरळे ठेवून मंचावर येऊ लागल्या. पुढे आफ्रो म्हणून जगभर गाजलेल्या त्या केशरचनेला काही काळ ‘ओडेटा’ असेच म्हटले जाई.

त्यांची पहिली स्वतंत्र ध्वनिमुद्रिका १९५६ साली आली. त्याच वर्षी अलाबामातल्याच मंटगोमेरी शहरात बसमधली जागा श्वेतवर्णीय प्रवाशाला द्यायला नकार दिल्याबद्दल रोझा पार्क्स यांना झालेल्या अटकेनंतर सुरू झालेला बसबहिष्कार चालू होता. गुलामीच्या काळापासून चालत आलेली तीन भक्तिगीते त्यांनी या ध्वनिमुद्रिकेत सलग गुंफली होती. त्यांतलेच ‘आय ॲम ऑन माय वे’ त्यांनी २८ ऑगस्ट १९६३ रोजी नागरी हक्कांसाठी निघालेल्या वॉशिंग्टनच्या मोर्च्यात सुमारे अडीच लाख लोकांसमोर, लिंकन स्मारकापाशी गायले. त्याच दिवशी, त्याच ठिकाणी मॅरियन अँडरसनही गायल्या. आईने जिच्यासारखे व्हायला सांगितले होते, तिच्या शेजारी ओडेटा पोहोचल्या, पण ऑपेराच्या दारातून नव्हे. त्यानंतर तीन आठवड्यांच्या आत, १५ सप्टेंबरला, त्यांच्या जन्मगावी बर्मिंगहॅममध्ये वर्णद्वेष्ट्यांनी चर्चमध्ये घडवलेल्या बाँबस्फोटात चार कृष्णवर्णीय मुली मारल्या गेल्या.

मार्टिन ल्यूथर किंग यांनी त्यांना अमेरिकी लोकसंगीताची राणी म्हटले होते, तर चळवळीतली कोणती गाणी तुम्हाला सर्वांत जवळची, असे विचारल्यावर रोझा पार्क्स यांनी ओडेटा गातात ती सगळी, असे उत्तर दिले होते. मला हे दुसरे प्रमाणपत्र अधिक मोलाचे वाटते, कारण ते अटक भोगलेल्या बाईने दिलेले आहे.

रॉक संगीताच्या लाटेत त्यांची लोकप्रियता ओसरली. १९९९ साली राष्ट्राध्यक्ष क्लिंटन यांच्या हस्ते राष्ट्रीय कलापदक मिळाले. २००८ साली त्या चाकांच्या खुर्चीतून कार्यक्रम करत होत्या आणि बराक ओबामांच्या शपथविधीला गाण्याची त्यांची इच्छा होती. पण २ डिसेंबर २००८ रोजी, वयाच्या ७७व्या वर्षी, न्यूयॉर्कमध्ये त्यांचे निधन झाले.

त्यांनी संघटना बांधली नाही, कायद्याचा मसुदा लिहिला नाही, मग त्यांना कार्यकर्त्या का म्हणायचे, असा प्रश्न कोणी विचारील. गाणे म्हणजे सभेआधीची करमणूक, असे मानले तरच हा प्रश्न उभा राहतो. दक्षिणेतल्या चर्चमध्ये रात्री जमणाऱ्या माणसांना दुसऱ्या दिवशी मार खायला, तुरुंगात जायला तयार व्हायचे होते, आणि ती तयारी त्यांनी मोठ्या प्रमाणात गाऊन केली. ज्या पूर्वजांची गाणी सांगायलाही लाज वाटावी असे त्यांना शिकवले गेले होते, त्यांचीच गाणी कोणी तरी ताठ मानेने, पूर्ण आवाजात, न्यूयॉर्कच्या प्रतिष्ठित कार्नेगी हॉल या सभागृहापर्यंत नेऊन गात होते, याचा त्या तयारीशी थेट संबंध आहे.