गाजेतून वीज? ‘मितीनाद’च्या दाव्यांना उत्तर

गेला महिनाभर आमच्या दापोली-मंडणगडच्या किनाऱ्यावर एक संदेश फिरतोय. मला तो सात जणांनी पाठवला, त्यांत माझी सख्खी आत्याही आहे. त्यात म्हटलंय की ‘मितीनाद’ नावाचं यंत्र समुद्राची गाज दोन मितींमधल्या फटीत ओढून घेतं, तिथे ती एका बिंदूवर गोळा करतं आणि अख्ख्या वाडीला पुरेल इतकी वीज देतं. आवाजाने मुतखडा फुटतो हा एक पुरावा आणि रात्री गाज लांबवर ऐकू येते हा दुसरा. शेवटी घरटी आगाऊ रक्कम मागितली आहे. असं यंत्र कुठेही नाही. विज्ञानकथेत ही कल्पना मी आवडीने वाचली असती, पण इथे माणसांचे पैसे जाणार आहेत.

मितींपासून सुरुवात करू. मिती म्हणजे लांबी, रुंदी, उंची; काळ धरला तर चौथी. हा शब्द काही भोंदूंचा नाही. गणितज्ञ थिओडोर कालुझा यांनी १९२१ मध्ये पाचव्या मितीचं गणित मांडलं आणि भौतिकशास्त्रज्ञ ऑस्कर क्लाइन यांनी १९२६ मध्ये ती दिसू नये इतकी बारीक गुंडाळलेली असेल असं सुचवलं. मात्र अशी जादा मिती आजवर एकाही प्रयोगात सापडलेली नाही. १९९८ मध्ये मांडलेल्या एका गाजलेल्या सिद्धान्तात जादा मितींत काहीतरी पाझरतं खरं, पण ते गुरुत्वाकर्षण. पदार्थाचे कण इथेच राहतात. आणि आवाज म्हणजे त्या कणांनी एकमेकांना दिलेले धक्के. हवा किंवा पाणी जिथे पोचत नाही तिथे आवाज पोचणार कसा?

आता विजेचा दावा. लोक फसतात ते इथे, कारण गाज कानाला प्रचंड वाटते. आपला कान फार नाजूक आहे, अगदी इवल्याशा ऊर्जेलाही तो दाद देतो. आषाढातली किनाऱ्यावरची गाज ८० डेसिबल धरू. म्हणजे एका चौरस मीटरवर एका वॅटचा दहा हजारावा भाग येतो. घरातला ९ वॅटचा एक बल्ब पेटवायचा तर ९०,००० चौरस मीटरवरची, म्हणजे सुमारे २२ एकरांवरची गाज गोळा करावी लागेल, तीही कणभर वाया न घालवता. गाज ९० डेसिबलची धरा, तरी एका बल्बामागे सव्वादोन एकर. वाडीतल्या पंपांचं तर नावच नको.

समुद्रात ऊर्जा नाही असं मी म्हणत नाही. ती लाटेच्या पाण्यात आहे, तिच्या आवाजात नाही. केरळात विझिंजमला १९९१ मध्ये १५० किलोवॅट क्षमतेचं प्रायोगिक केंद्र उभं राहिलं. तिथे लाट कोठीतल्या हवेला ढकलायची आणि त्या हवेवर टर्बाइन फिरायचं. त्यात मितीबिती काही नव्हतं.

मुतखड्याचं उदाहरण खरं आहे, म्हणून तेच जास्त फसवतं. म्युनिकमध्ये १९८० साली पहिल्यांदा रुग्णाचा खडा शरीराबाहेरून दिलेल्या धक्कालहरींनी फोडला. त्या यंत्रात विजेची ठिणगी पाण्यात धक्का उठवते आणि वाटीसारखा परावर्तक तो खड्यावर एकवटतो. भिंगाने ऊन एकवटतं तसंच. भिंग ऊन वाढवत नाही, पसरलेलं एका जागी आणतं. इथे वीज यंत्राला पुरवावी लागते, यंत्र ती देत नाही. शिवाय आवाजाच्या तरंगलांबीच्या निम्म्याहून फारसा लहान बिंदू भिंगाने साधत नाही. गाजेतला १०० हर्ट्झचा घुमारा घेतला तर हवेत त्याची तरंगलांबी जवळजवळ साडेतीन मीटर भरते. तो कोणत्या ‘बिंदू’वर गोळा करणार?

रात्रीच्या गाजेचं कारण साधं आहे. वारा पडलेल्या निरभ्र रात्री जमीन लवकर निवते, तिच्यालगतची हवा गार होते आणि वरची उबदार राहते. उबदार हवेत आवाज जास्त वेगाने जातो, एका अंशाला सेकंदामागे साधारण ०.६ मीटर. त्यामुळे वर निघालेला आवाज वाकून पुन्हा खाली येतो. दिवसा उलट होतं. माझी आजी डोंगराकडच्या घरात पडल्या पडल्या म्हणायची, “गाज आज उशाशी आली.” तेव्हा तर घरात वीजही नव्हती.

लोक याला का भुलतात तेही मला कळतं. ३ जून २०२० ला ‘निसर्ग’ वादळ आलं आणि आमच्याकडच्या कित्येक गावांनी त्यानंतर अनेक आठवडे अंधारात काढले. खांब आडवे, सुपारीच्या बागा आडव्या. त्या रात्री सोसलेल्या माणसाला ‘आता तारांची गरजच नाही’ असं कुणी सांगितलं, तर तो आशेने ऐकणारच. त्याच दुखऱ्या जागेवर बोट ठेवून पैसे मागितले जातायत, याचा मला मनापासून राग येतो.

आत्याला मी एवढंच सांगितलंय: पैसे मागायला कुणी आलं तर त्याला अंगणात बसव, चहा दे आणि ते यंत्र समोर मांडायला सांग. बॅटरी नको, वायर नको. नऊ वॅटचा बल्ब आपण देऊ, तो त्याने गाजेवर तासभर पेटता ठेवून दाखवावा.